लग्नात पडलेल्या माणसाचं कारण

मला घडवण्यात सगळ्यात मोठा हात शाळेतल्या इनामदार बाईंचा. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढच्या हकिकतीत बाई कुठेच नाहीत. हकिकत अमेरिकेतली आहे, आणि बाई आमच्या रिसोडहून लांब म्हणजे फार तर अकोल्याला गेलेल्या. पण आठवीच्या विज्ञानाच्या तासाला त्या एक वाक्य बोलल्या होत्या. ते डोक्यात नसतं तर त्या सोमवारच्या मीटिंगमध्ये मी गप्प बसलो असतो. गप्प बसणं माझ्या सोयीचंही होतं.

तर त्या सोमवारच्या आधीच्या आठवड्यात पडद्यावर एक जाडा माणूस पडत होता.

ईडन प्रेरीत, मिनीॲपोलिसच्या एका उपनगरात, आमचं ऑफिस होतं. कॉन्फरन्स रूमचे दिवे बंद केलेले. आत आम्ही चौघं. कंपनीचा मालक टॉड, माझा मॅनेजर मॅक, मी, आणि आमच्या क्लायंट मिसेस लिंडग्रेन. मिसेस लिंडग्रेन ऐंशीच्या पुढच्या होत्या. पर्स मांडीवर ठेवून दोन्ही हातांनी घट्ट धरून बसल्या होत्या. पडद्यावरचा जाडा माणूस म्हणजे त्यांचे वडील.

वडील तरुणपणी मूकपटांत कॉमेडी करायचे. पुढे मिनेसोटाच्या एका खेड्यात त्यांनी हार्डवेअरचं दुकान टाकलं आणि ते सिनेमा विसरले. म्हणजे सिनेमा त्यांना विसरला, ते नाही. त्यांच्या कामातली एकच फिल्म उरली होती, ती दुकानाच्या माळ्यावर सापडली. लग्नात होणाऱ्या फजितीची कॉमेडी. नवरदेवाची पँट कुत्रं पळवतं, केक घोडागाडीखाली जातो, आणि शेवटी चर्चच्या पायऱ्यांवर नवरीचा मामा, म्हणजे मिसेस लिंडग्रेनचे वडील, घसरून पडतो. साधासुधा पडत नाही. एक पाय वर, मग दुसरा, मग हॅट वर, मग स्वतः. तिथून तो एका बाबागाडीत बसतो आणि बाबागाडी उतारावरून तळ्यात जाते.

टॉड खो खो हसला. टॉड हसला म्हणून मॅक हसला. मॅक हसला म्हणून मी हसलो. मिसेस लिंडग्रेन हसल्या नाहीत.

"फार स्वच्छ केलंय तुम्ही," त्या म्हणाल्या. मग जरा वेळाने म्हणाल्या, "वेगळंच आहे हं."

मिनेसोटाची जुनी माणसं कशालाही वाईट म्हणत नाहीत. जेवण आवडलं नाही, सून आवडली नाही, तरी 'वेगळंच आहे' म्हणतात. आपल्याकडे मुलगी बघून आल्यावर 'कळवतो' म्हणतात, त्यातला प्रकार. टॉड कॅलिफोर्नियाचा. त्याने थँक यू म्हटलं.

"बाबा जन्मभर या पडण्याबद्दल सांगायचे," त्या म्हणाल्या. "म्हणायचे, मी ते किती दिवस बसवत होतो. पडणाऱ्याने आपल्या करणीने पडलं पाहिजे, तर लोक पोटातून हसतात. पण इथे तर... ते नुसतेच पडले."

"तीच तर मजा आहे, मॅम," टॉड म्हणाला. "क्लासिक स्लॅपस्टिक."

स्लॅपस्टिक म्हणजे आपटाआपटीचा विनोद. मिसेस लिंडग्रेननी मान हलवली. त्यांच्या गावातलं जुनं थिएटर दुरुस्त होऊन पुन्हा उघडणार होतं आणि ही फिल्म त्या दिवशीचा मुख्य कार्यक्रम होती. "मी त्यांना सांगेन," त्या उठता उठता म्हणाल्या, "ही सुरुवातीलाच दाखवा म्हणून. लोक येऊन बसेपर्यंत."

त्या गेल्या. टॉड म्हणाला, "हॅपी क्लायंट."

आता आमचं काम काय होतं ते सांगतो. जुन्या फिल्मचं प्रत्येक चित्र, म्हणजे फ्रेम, एक लॅब स्कॅन करून फाइल बनवायची. त्या फाइल्स आमच्याकडे यायच्या आणि आमचं सॉफ्टवेअर त्या साफ करायचं. जुनी फिल्म चालू केली की पडद्यावर सगळीकडे ठिपके नाचतात, ते तुम्ही पाहिलं असेल. ती धूळ. सॉफ्टवेअरला धूळ कशी ओळखायला शिकवायची? युक्ती सोपी आहे. धुळीचा कण एकाच फ्रेमवर असतो. मागच्या आणि पुढच्या फ्रेममध्ये ती जागा स्वच्छ असते. म्हणून सॉफ्टवेअर तीन फ्रेम शेजारी ठेवून बघतं. मधल्या फ्रेममध्ये अचानक काही उगवलं आणि लगेच नाहीसं झालं, तर ते पुसून शेजारच्या फ्रेमचा तुकडा तिथे चिकटवतं.

दुसरं काम ग्रेन काढायचं. फिल्मवरचं चित्र बारीक रवाळ दिसतं, त्याला ग्रेन म्हणतात. आमच्या सॉफ्टवेअरमध्ये त्याचं एक बटण होतं, डी-ग्रेन. ते दाबलं की रवा जाऊन चित्र लोण्यासारखं व्हायचं. टॉडला लोणी आवडायचं.

टॉडने ती फिल्म पहिल्यापासून शेवटपर्यंत कधी पाहिली नव्हती. तो आधीची एक फ्रेम आणि नंतरची एक फ्रेम शेजारी ठेवून बघायचा आणि 'वॉव' म्हणायचा. पुढच्या महिन्यात एका ट्रेड शोमध्ये, म्हणजे धंद्याच्या प्रदर्शनात, तो हेच करणार होता. प्रॉडक्टचं घोषवाक्य होतं, एका क्लिकमध्ये स्वच्छ.

मी मात्र ती फिल्म पुनःपुन्हा पाहिली होती, ते माझं कामच होतं. त्यातलं एक कोडं मला सुटत नव्हतं. पडण्याच्या आधी हा मामा खांद्याला एक पोतं लटकवून पाहुण्यांमधून फिरतो. जो तो त्या पोत्यात हात घालतो. फिल्ममधल्या संवादाच्या पाट्या कुजून गेल्या होत्या, त्यामुळे काय चाललंय ते कळायला मार्ग नव्हता. मी माझ्या परीने अर्थ लावला. मामा आहेर गोळा करतोय.

मॅकला तसं सांगितलं तर तो इंग्रजीत म्हणाला, "डेटा, अमेरिकेत आहेर नसतो. गिफ्ट रजिस्ट्री असते. काय भेट हवी त्याची यादी आधीच दुकानात देऊन ठेवतात."

माझं नाव दत्ता. टॉडने पहिल्या दिवशी त्याचं 'डेटा' केलं, आणि आमच्या धंद्यात ते खपूनही गेलं. मॅक मूळचा मकरंद, पुण्याचा. पण तोही मला डेटाच म्हणायचा. तो माझ्याशी इंग्रजीत बोले. मराठी त्याने वाईट बातमीसाठी राखून ठेवली होती. मला त्याने सांगून ठेवलं होतं, इथे सर म्हणायचं नाही, मॅक म्हणायचं. मी मॅक म्हणायला लागलो, पण रिसोडच्या जिभेला अहो-जाहो सुटेना. म्हणून मी 'मॅक, तुम्ही' असं म्हणायचो.

त्याच आठवड्यात शुक्रवारी त्याने मला "दत्ता, जरा ये रे" अशी हाक मारली, तेव्हाच मी वाईट बातमीची तयारी केली.

"उद्या मोकळा आहेस ना? धाकट्या भावाचं लग्न आहे, इथल्या हॉटेलात. व्हिडिओ तू काढ. प्रोफेशनल लोकांना आपलं काही कळत नाही, यार. सप्तपदी चालू असते आणि ते विचारतात, केक कधी कापणार."

लग्नाचं आमंत्रण मला तोवर आलं नव्हतं. ते हेच होतं.

"आणि हो," तो परत इंग्रजीत गेला, "लिंडग्रेनचं रॉ स्कॅन सोमवारी जेवणानंतर डिलीट होतंय. डेमोला जागा हवीये. क्लीन व्हर्जन ठेव फक्त."

रॉ स्कॅन म्हणजे साफ करण्याआधीच्या मूळ फाइल्स. तेव्हा डिस्क महाग होत्या, त्यामुळे यात जगावेगळं काही नव्हतं. पण या फिल्मचं मूळ रीळ स्कॅन करतानाच चिकटून ढेप झालं होतं. लॅबने कळवलं होतं की ते पुन्हा उलगडणार नाही. रॉ गेलं की आमची स्वच्छ प्रत हीच जगातली एकमेव प्रत राहणार होती. मी मान हलवली. तोपर्यंत मला त्यात काही वावगं दिसलं नव्हतं.

शनिवारी सकाळी ऑफिसचा कॅमेरा घेऊन हॉटेलात पोचलो, तर दारातच बोलणी अडलेली. मॅकची आई पुण्याहून आली होती. काकू एका बाजूला, हॉटेलची मॅनेजर दुसऱ्या बाजूला आणि मधे मॅक, शेरवानी घालून.

"तांदूळ फेकता येणार नाही," मॅनेजर म्हणत होती. "लोक घसरतात. मग इन्शुरन्सची भानगड होते."

"नो राइस, नो मॅरेज," काकू म्हणाल्या.

"बबल्स चालतील? हल्ली सगळे साबणाचे बुडबुडेच उडवतात."

काकूंनी मॅककडे बघितलं. "मक्या, हिला सांग, आम्ही लग्न लावतोय. मुलाला आंघोळ घालत नाहीये."

ऑफिसात मॅक असणारा माणूस घरी मक्या असतो, हे मला त्या दिवशी कळलं. अखेर तोडगा निघाला. कुंकवाने कार्पेट रंगतं, म्हणून अक्षता पांढऱ्याच. कार्पेटवर एक दाणाही नको, म्हणून मांडव लाकडी डान्स फ्लोअरवर. आणि हॉटेलच्या समाधानासाठी मांडवाच्या कोपऱ्याशी पिवळी पाटी, घसरणाऱ्या माणसाचं चित्र असलेली. तिच्यावर इंग्रजीत लिहिलं होतं, सावधान.

"हे बरंय," काकू म्हणाल्या. "भटजींचा घसा वाचला."

भटजी सोमवार ते शुक्रवार एका विमा कंपनीत डेटाबेस सांभाळायचे. त्यांनी लॅपटॉप उघडला, अंतरपाट धरला गेला, मंगलाष्टकं सुरू झाली. आपल्याकडे मंगलाष्टक म्हणायला आवाज लागत नाही, नातं लागतं. आत्या झाली की मावशी, मावशी झाली की काका. कॉर्डलेस माइक एकच. तो एकीकडून काढून दुसऱ्याच्या हातात द्यायचं काम मॅकने स्वतःकडे घेतलं होतं. पायात नवीकोरी मोजडी होती, न्यू जर्सीतल्या आयसेलिनच्या देशी बाजारातून मागवलेली. तळ गुळगुळीत चामड्याचा.

मी स्टँडवर कॅमेरा लावून मांडवावर रोखला होता. नागपूरचे कोणी काका चौथी ओळ ओढत ओढत 'सावधान'वर आले. अक्षता उडाल्या. लगेच पुढची पाळी काकूंची होती, म्हणून मॅक माइक घेऊन डान्स फ्लोअरवरून तिरका निघाला.

एक पाय वर गेला. मग दुसरा. मग माइक. मग स्वतः मॅक. जाता जाता त्याने हाताला लागेल ते धरलं, आणि हाताला लागला अंतरपाट. तो खाली आला. मुहूर्ताच्या आधीच नवरा-नवरी समोरासमोर. नवरी अमेरिकेतच, अल्फारेट्यात वाढलेली.

"हाय," ती म्हणाली.

"हाय," नवरा म्हणाला.

भटजी घड्याळाकडे बघून म्हणाले, "अजून वेळ आहे. दोघांनी डोळे मिटा." दोघांनी मुकाट्याने डोळे मिटले. मॅक पिवळ्या पाटीशेजारी आडवा होता. पाटीवरचा माणूस आणि मॅक, दोघांचे पाय एकाच कोनात होते.

"मक्या, माइक दे आधी," काकू म्हणाल्या. "माझं राहिलंय."

सगळे हसत होते. मी हसत नव्हतो. मागच्या रांगेतल्या, अजून तशाच उचललेल्या हातांकडे मी कॅमेऱ्यातून बघत होतो. मूठ छातीशी, मग पुढे, वर जाता जाता बोटं उघडणार. हा हात मी आधी पाहिला होता. चर्चच्या पायऱ्यांवर. मामाच्या पोत्यात बुडवून बाहेर काढलेला हात. मला इतके दिवस वाटत होतं, ती माणसं नवरा-नवरीला टाटा करतायत.

रविवारी ऑफिसात जाऊन मी रॉ स्कॅन उघडलं आणि एकेक फ्रेम पुढे सरकवत गेलो. रॉमध्ये सगळीकडे ठिपकेच ठिपके होते, म्हणून कोणाचं लक्ष गेलं नव्हतं. पण नीट बघितलं तर काही ठिपके हातांतून निघत होते. वर जात होते, वळत होते, हॅटवर पडत होते. धूळ कोणाच्या मुठीतून निघत नाही. तो तांदूळ होता. इथेही नवरा-नवरीवर तांदूळ टाकायची रीत होती, बुडबुडे यायच्या आधी. उडता तांदूळ प्रत्येक फ्रेममध्ये नव्या जागी असतो, म्हणून सॉफ्टवेअरच्या लेखी तो धूळ. आणि पायऱ्यांवर पडलेला तांदूळ? तो बारीक, पांढरा, रवाळ. त्याला डी-ग्रेनने लोणी केलं. ग्रेन काढायला सांगितलं होतं, सॉफ्टवेअरने ग्रेन काढले. मी गिरणीवाल्याचा मुलगा, रिसोडला अण्णांची पिठाची गिरणी. ग्रेन म्हणजे दाणा, हे मला तरी सुचायला हवं होतं.

मग सगळी फिल्मच उलगडली. मामा चिक्कू आहे. लग्नात स्वस्तातला तुकडा तांदूळ पोतंभर आणतो, ज्याच्या त्याच्या हातात कोंबतो, मिरवतो, आणि त्याच तांदळावरून घसरून तळ्यात जातो. आपल्या करणीने. मिसेस लिंडग्रेनच्या वडिलांनी बसवलेला विनोद तो होता. आम्ही कारण पुसलं आणि पडणं ठेवलं.

मी मॅकला फोन केला. तो पालथा पडून कमरेला बर्फ लावत होता.

"डेटा, दॅट्स स्लॅपस्टिक. माणसं पडतात. फॉर नो रीझन. म्हणून तर लोक हसतात."

"पण मॅक, तुम्ही बघा तरी. रॉ उद्या जाणार. मग तांदूळ कुठेच राहणार नाही."

"ट्रेड शो तोंडावर आलाय. तू टॉडला जाऊन सांगणार, आपलं सॉफ्टवेअर तांदूळ खातं?"

मग तो मराठीत बोलला.

"हे बघ दत्ता. तुझे ग्रीन कार्डचे कागद टॉडच्या टेबलावर आहेत. सही व्हायचीये. तू गरीब घरातून आलायस, हुशार आहेस. हुशार माणसाला कळतं कधी काय दिसू द्यायचं नाही."

फोन ठेवल्यावर मला इनामदार बाईंचा तास आठवला. बाईंनी खडू हातातून सोडला आणि विचारलं, "काय झालं?" आम्ही म्हणालो, "पडला." बाई म्हणाल्या, "पडला हे गाढवालाही दिसतं. कारणाशिवाय काही पडत नाही. कारण दिसत नसेल तर समजायचं, आपण नीट बघितलं नाही."

मी कॅमेऱ्यातली टेप काढली, लग्नाचा व्हिडिओ आमच्या सॉफ्टवेअरमध्ये घातला, आणि घोषवाक्याप्रमाणे एक क्लिक केलं.

सोमवारी सकाळी टॉड खुशीत होता. मॅक कमरेला पट्टा बांधून ताठ बसला होता. मी म्हणालो, "एक क्लिप दाखवायची आहे. आपल्याच सॉफ्टवेअरने साफ केलेली."

पडद्यावर मांडव, अंतरपाट, उचललेले हात. हातांत काही नाही. फ्लोअर आरशासारखा. मॅक माइक घेऊन ऐटीत निघतो आणि स्वच्छ, कोरड्या फ्लोअरवर उताणा पडतो.

टॉड हसून हसून टेबलावर कोसळला. "मॅक, काय केलंस हे?"

"तांदूळ होता," मॅक म्हणाला.

"कुठे?"

"फ्लोअरवर. सगळीकडे. लोक तांदूळ टाकत होते."

"मला दिसत नाही. डेटा, पुन्हा लाव."

मी पुन्हा लावली. मॅक पुन्हा पडला.

"बघ ना, काहीच नाहीये," टॉड डोळे पुसत म्हणाला. "तू आपला चालतोयस आणि पडतोयस. क्लासिक."

"मी असा उगाच नाही पडलो!" मॅक उठायला गेला, कंबर आठवून परत बसला, आणि माझ्याकडे वळला. पहिल्यांदाच तो टॉडसमोर मराठीत बोलला. "दत्ता, तांदूळ कुठे गेला? मी काय येडा आहे का, कारण नसताना पडायला?"

"धूळ म्हणून गेला," मी म्हणालो. "आपल्या फिल्टरने काढला."

मग मी मूळ टेप लावली. तांदूळ उडाला, पडला, मॅक त्यावर घसरला. त्याच्या चेहऱ्यावर जे समाधान आलं, ते मी आधी किंवा नंतर कधी पाहिलं नाही. मग मिसेस लिंडग्रेनच्या वडिलांची क्लिप, आधी स्वच्छ, मग रॉ. स्वच्छ क्लिपला कोणी हसलं नाही. टॉडने रॉ पुढे-मागे करून बघितली, पोतं, मुठी, हॅट, पायऱ्या.

"ती म्हातारी काय म्हणाली होती?" त्याने विचारलं.

"वेगळंच आहे."

"त्याचा अर्थ काय होतो इथे?"

मी सांगितलं. टॉडने फोन उचलला आणि सिस्टिम्सच्या माणसाला सांगितलं, "ते दुपारचं डिलीट थांबव. डेटा म्हणतोय, डेटा डिलीट करू नका." स्वतःच्याच विनोदाला तो हसला. मॅकही हसला. मी या वेळी हसलो नाही. एवढं स्वातंत्र्य घेतलं.

नंतरचं काम कंटाळवाणं होतं, म्हणून ते माझ्याकडे आलं. यंत्राला धूळ आणि तांदूळ यांतला फरक कळत नव्हता, तेव्हा तो माणसाने करायचा. एकेका फ्रेममध्ये बसून बघायचं. हा ठिपका धूळ, काढा. हा तांदूळ, ठेवा. त्या दिवसांत आईने फोनवर विचारलं, काय काम चाललंय.

"तांदूळ निवडतोय," मी म्हणालो.

"अमेरिकेत?" आई म्हणाली. "मग तिकडे एवढं शिकून कशाला गेलास? घरी सूप आहे."

ट्रेड शोला प्रॉडक्ट वेळेवर गेलं. डी-ग्रेनच्या बटणाखाली एक नवा चौकोन आला होता, 'छोट्या हलत्या वस्तू जपा'. मॅकने त्यावर भाषण केलं. विषय होता, विनोदाचा आदर आणि आमची संस्कृती. शेवटच्या स्लाइडवर त्याचं नाव होतं आणि त्याखाली 'टीम'. टीम म्हणजे मी. त्याच्या पडण्याची क्लिप त्यात नव्हती. ग्रीन कार्डच्या कागदांवर टॉडने सही केली, पण उशिरा. त्याला ते मधे सापडत नव्हते. ट्रेड शोच्या स्वच्छ फोटोंखाली गेले होते.

या धंद्यात मी पुढे बरीच वर्षं काढली. नव्या मुलांना एवढंच सांगतो, स्वच्छ झालं म्हणजे बरोबर झालं असं नाही. आणि मॅनेजरला एखादी गोष्ट पटवायची असेल तर युक्तिवाद करू नये. तो स्वतः तिच्यावरून घसरेपर्यंत थांबावं.

थिएटर उघडलं त्या आठवड्यात मी बाईंना पत्र लिहिलं. ते असं होतं.

"ती. इनामदार बाईंना दत्ताचा शिरसाष्टांग नमस्कार.

परवा इथल्या एका खेड्यात सिनेमा बघायला गेलो होतो. मागे फोनवर सांगितली होती, तीच लग्नाची मुकी फिल्म. मिसेस लिंडग्रेन नावाच्या आजींनी मला आपल्या शेजारी बसवलं. फिल्म सुरुवातीला नाही, शेवटी दाखवली. मुख्य म्हणून. एक गृहस्थ पडद्याखाली बसून ऑर्गन वाजवत होते.

मामा पोतं घेऊन आला तेव्हाच लोक हसायला लागले. पुढे काय होणार हे त्यांना कळलं होतं. तो पडला तेव्हा तर छप्पर उडालं. आजी मात्र हसत नव्हत्या. त्यांनी माझं मनगट धरलं होतं आणि पडद्याकडे बघून म्हणाल्या, 'तांदूळ. बघा, म्हटलं होतं ना त्यांनी.' मग हसल्या, आणि बराच वेळ हसत होत्या. बाहेर पडताना मी विचारलं, फिल्म कशी वाटली. म्हणाल्या, 'वाईट नाही.' इथल्या माणसाने एवढं म्हणणं म्हणजे पेढे वाटणं.

मीटिंगमध्ये गप्प बसणं माझ्या सोयीचं होतं. तुमच्या खडूची आठवण झाली म्हणून बोललो.

बाई, एक गोष्ट सांगायची राहून गेली. मी दहावीत होतो त्या वर्षी तुम्ही दर रविवारी आमच्या गिरणीत यायचात. हातात तो अल्युमिनियमचा डबा, त्यात जेमतेम तळ झाकेल इतके गहू. अण्णा म्हणायचे, 'बाई, महिन्याचं एकदम आणा की.' तुम्ही म्हणायचात, 'एकटीला ताजं पीठ बरं पडतं.' मग दळण होईपर्यंत पट्ट्याच्या आवाजात अण्णांना मोठ्याने सांगत बसायचात, याला सायन्सला घाला, पुढे शिकू द्या. अण्णा हो म्हणाले, माझा कॉलेजचा फॉर्म भरला गेला, आणि त्यानंतर तुमचा डबा महिन्यातून एकदाच यायला लागला. भरलेला.

तेव्हा अण्णांना वाटलं, बाईंना ताज्या पिठाचा नाद आहे. मलाही तसंच वाटलं. इतकी वर्षं मी नीट बघितलंच नव्हतं.

प्रकृतीची काळजी घ्या.

आपला विद्यार्थी,
दत्ता गिरणीवाला"